‘फँड्री’: नाव डुकराचे, हाक माणसाला

‘फँड्री’ हा शब्द कैकाडी बोलीतला आहे आणि त्याचा अर्थ डुक्कर. श्री. नागराज मंजुळे यांनी आपल्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाला हे नाव दिले, तेव्हा बहुसंख्य मराठी प्रेक्षकांस त्याचा अर्थ ठाऊक नव्हता. आमच्या चर्चच्या सभागृहात हा चित्रपट दाखविण्यात आला, त्या संध्याकाळी मात्र एक गंमत झाली. मराठी घरांतील मंडळी एकमेकांस नावाचा अर्थ विचारीत असताना केरळातून आलेल्या सिस्टर हसून म्हणाल्या, “हे तर आमचे ‘पन्नी’!” सिरोंच्याकडील एका तेलुगू गृहस्थांनी ‘पंदी’ म्हणून दुजोरा दिला, तर गोंडी बोलणाऱ्या एका तरुणाने ‘पद्दी’ असा शब्द सांगितला. कैकाडी ही द्राविडी कुळातील बोली, तमिळशी जवळचे नाते सांगणारी. म्हणून महाराष्ट्राच्या चित्रपटाचे नाव महाराष्ट्राबाहेरून आलेल्यांना व जंगलातल्या माणसांना आधी कळले, आणि आम्हां मराठी म्हणविणाऱ्यांना शेवटी. चित्रपट सुरू होण्यापूर्वीच त्यातील उपरोध आमच्या खुर्च्यांपर्यंत येऊन पोहोचला होता.

चित्रपट २०१३ साली मुंबईच्या महोत्सवात दाखविला गेला आणि १४ फेब्रुवारी २०१४ रोजी सर्वत्र प्रदर्शित झाला. संत व्हॅलेंटाइन यांचे नाव १९६९ मध्ये सर्वसाधारण उपासना-पंचांगातून वगळले गेले. बाजाराच्या पंचांगात ते अधिकच ठळक झाले. त्या दिवशी एका प्रेमकथेच्या वेषात ही कथा लोकांपुढे आली. ६१ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठीचा पुरस्कार तिला मिळाला आणि जब्याची भूमिका करणाऱ्या सोमनाथ अवघडे या मुलास उत्कृष्ट बालकलाकाराचा. इतक्या वर्षांनी आज त्यावर लिहिण्याचे प्रयोजन काय, असे वाचक विचारतील. प्रयोजन एका प्रवचनात आहे, आणि ते प्रवचन आमचेच आहे.

उधळ्या पुत्राच्या दाखल्याचा तो रविवार होता. धाकटा मुलगा किती खाली घसरला हे श्रोत्यांच्या मनावर ठसविण्यासाठी आम्ही आवाज चढवून सांगितले, की तो डुकरांपर्यंत जाऊन पोहोचला. माणसाला याहून खालची पायरी नाही. वाक्य जमले होते. ते आम्ही दोनदा म्हटले. पुढील तीन रविवार आमचा एक वेदीसेवक चर्चमध्ये आला नाही. नववीतला, शांत, घंटा वेळेवर वाजविणारा मुलगा. चौकशी केली तेव्हा कळले, की त्याच्या घरी डुकरे पाळतात, आणि धर्मशिक्षणाच्या वर्गातील मुलांनी त्याला एक नवे नाव ठेवले आहे. ते नाव आम्हीच पुरविले होते. पुढे तरुण मंडळाने सिस्टरांच्या सांगण्यावरून ‘फँड्री’ दाखविण्याचे ठरविले. आम्ही तो त्या संध्याकाळीच प्रथम पाहिला, आणि नंतर एकट्याने आणखी दोनदा.

कथा थोडक्यात सांगून टाकतो. जांबुवंत कचरू माने, म्हणजे जब्या, हा गावकुसाबाहेर राहणाऱ्या कैकाडी कुटुंबातील शाळकरी मुलगा. वर्गातील शालू या वरच्या जातीतील मुलीवर त्याचे मन जडले आहे. तिच्याशी तो एक शब्दही बोललेला नाही. काळी चिमणी मारून, जाळून तिची राख मुलीच्या अंगावर टाकली, की ती आपली होते, असे त्याने ऐकले आहे. म्हणून पिऱ्या या मित्रासह तो माळरानावर गलोल घेऊन त्या चिमणीमागे हिंडतो. घरी बहिणीच्या लग्नाची चिंता, बाप कचरू कर्जात आणि दारूत. गावात डुकरांचा उपद्रव झाला, की ती पकडण्याचे काम याच घराचे. जत्रेत डुकराने गोंधळ घातला, तेव्हा गावचा हुकूम सुटतो, आणि शेवटी शाळेच्या भिंतीलगत, सगळ्या गावासमोर, शालूसमोर, जब्याला आपल्या कुटुंबासह डुकरामागे धावावे लागते.

या चित्रपटातील उपहास शब्दांचा नाही. आमच्या झाडीपट्टीच्या नाटकांत विनोदी पात्र प्रेक्षकांकडे तोंड करून गावच्या पाटलाची टर उडविते आणि रात्रभर मंडप हसत राहतो. तशी मोकळी टर येथे कोणी उडवीत नाही. मंजुळे दोन गोष्टी एकमेकींशेजारी ठेवतात आणि बाजूला होतात. वर्गात संत चोखामेळ्याचा अभंग शिकविला जातो, आणि बाकावर बसलेल्या जब्याला गावात कोणी शिवून घेत नाही. मेलेले डुक्कर काठीला टांगून घरची माणसे ज्या भिंतीवरून जातात, त्या शाळेच्या भिंतीवर डॉ. बाबासाहेब आंबेडकर, जोतिबा फुले, सावित्रीबाई, शाहू महाराज, गाडगेबाबा यांची चित्रे रंगविलेली आहेत. कॅमेरा थांबत नाही, संगीत हुंदके देत नाही. चंद्रपूरच्या वाचकांस हे दृश्य विशेष बोचेल, कारण नागपूरनंतर दोनच दिवसांनी, १६ ऑक्टोबर १९५६ रोजी, बाबासाहेबांनी याच शहरात दीक्षा दिली होती. या जिल्ह्यात त्यांचे चित्र केवळ भिंतीवरचे नाही. ते घराघरांतील आहे. भिंतीवरच्या चित्रासमोरून काय वाहून नेले जाते हा प्रश्न मात्र येथेही संपलेला नाही.

आता जब्याच्या इच्छेविषयी. आमच्यापैकी काही पालकांनी नंतर कुरकुर केली, की शाळकरी मुलाच्या प्रेमप्रकरणाचा चित्रपट चर्चच्या सभागृहात का दाखविला. आम्हांस वाटते, त्यांनी चित्रपट नीट पाहिला नाही. जब्याला शालू हवी आहे हे खरे, पण त्याला जीन्सही हवी आहे, आणि नीट पाहिले तर या दोन इच्छा नाहीतच. शहरातील दुकानात टांगलेल्या त्या जीन्सपुढे तो ज्या डोळ्यांनी उभा राहतो, त्याच डोळ्यांनी तो शालूच्या घराकडे पाहतो. त्याला जब्या असणे नको आहे. फ्रेंच कॅथलिक विचारवंत रने जिरार (१९२३–२०१५) यांनी असे दाखविले, की माणूस वस्तूची इच्छा क्वचितच सरळ करतो. तो दुसऱ्याकडे पाहून, दुसऱ्यासारखे व्हावे म्हणून इच्छितो. गावातील सवर्ण मुलांना जे सहज मिळालेले आहे, तेच जब्याला हवे आहे, आणि म्हणूनच ती मुले त्याला जवळ करीत नाहीत. जत्रेत त्याला मिरवणुकीत नाचावयाचे असते. वाट्याला येते ती डोक्यावर घेतलेली गॅसबत्ती. इतरांच्या आनंदावर उजेड पाडावयाचा आणि त्या उजेडात आपण दिसावयाचे ते हमाल म्हणून! संपूर्ण चित्रपटात आम्हांस हे दृश्य सर्वांत श्रेष्ठ वाटले, शेवटच्या गाजलेल्या दृश्याहूनही.

येथे एका स्पॅनिश चित्रपटाची आठवण करणे अप्रस्तुत ठरू नये, कारण तेथेही इच्छा, वर्ग आणि राष्ट्र यांची गाठ डुकरापाशीच बांधलेली आहे. बिगास लुना यांचा ‘हामोन हामोन’ १९९२ चा. व्हेनिसच्या महोत्सवात त्याला रौप्यसिंह मिळाला. आधीच सांगून ठेवतो, की तो कुटुंबासह पाहण्याजोगा नाही आणि आम्ही त्याची शिफारस करीत नाही. ‘हामोन’ म्हणजे मीठ लावून वाळविलेली डुकराची मांडी, स्पेनच्या स्वयंपाकघरातील अभिमानाची वस्तू. अंतर्वस्त्रांच्या कारखान्याची मालकीण आपल्या मुलाचे एका गरीब कामगार मुलीशी लग्न होऊ नये म्हणून हामोनच्या धंद्यातील एका उमद्या तरुणाला पैसे देऊन त्या मुलीच्या मागे लावते, आणि पुढे सर्वांच्याच वासना एकमेकांत गुंततात. शेवटी दोन तरुण हामोनच्या मांड्यांनीच एकमेकांवर तुटून पडतात आणि मालकिणीचा मुलगा मरतो. चित्रकार गोयाने रंगविलेले सोटे घेऊन झुंजणारे दोन पुरुष येथे स्पॅनिश प्रेक्षकांस आठवतात. ऑलिंपिक, जागतिक प्रदर्शन आणि कोलंबसाच्या प्रवासाची पाचशे वर्षे असा तो स्पेनच्या गौरवाचा काळ. दिग्दर्शकाने त्या गौरवाला बैल, डुक्कर आणि पुरुषी मिजास यांचा आरसा दाखविला.

पण १४९२ मध्ये आणखीही काही घडले होते, आणि ते आम्हां ख्रिस्ती लोकांनी विसरू नये. त्या वर्षी स्पेनमधून यहुदी लोकांना हाकलून देण्यात आले. जे बाप्तिस्मा घेऊन राहिले, त्यांच्यावर संशय राहिला, आणि डुकराचे मांस खातो की नाही ही त्यांच्या श्रद्धेची कसोटी झाली. जो खात नाही तो मनातून यहुदी. पण जो खातो तोही सुटत नसे. त्यांना एक शिवी होती, ‘मार्रानो’. त्याचा अर्थ डुक्कर. ख्रिस्ती माणसांनी ख्रिस्ती माणसांना दिलेले हे नाव. ‘रक्ताच्या शुद्धते’चे नियम मठांत व धर्मसंघांत शिरले, येशूसंघानेही १५९३ मध्ये अशा वंशातील उमेदवारांना दार बंद केले आणि तो नियम पूर्णपणे मागे घेण्यास १९४६ साल उजाडले. अविलाची संत तेरेजा, १९७० पासून ख्रिस्तसभेची धर्मपंडिता, हिचे आजोबा अशाच बाटलेल्या यहुदी घराण्यातील. धर्मन्यायासनाने त्यांना प्रायश्चित्ताचा झगा घालून लोकांसमोर फिरविले होते. जिचे चित्र आपण घरात लावतो, तिच्या आजोबांना रस्त्यावर कोणत्या नावाने हाक मारली गेली असेल, याचा विचार आम्ही सेमिनरीत कधी केला नव्हता. तेरेजाच्या ग्रंथांवर परीक्षा मात्र दिल्या होत्या.

म्हणून ‘फँड्री’ पाहताना आम्हांस ती परकी गोष्ट वाटेना. डुक्कर तेच, स्पेनमध्ये ते न खाणारा अशुद्ध ठरला, आमच्याकडे ते पाळणारा. आमच्या जंगलात तर तिसरीच तऱ्हा. भामरागड-एटापल्लीकडील माडिया गावांत डुक्कर घरालगत पाळले जाते. सणाला, लग्नाला, देवाच्या पूजेला त्याचे मांस लागते, आणि त्यात कोणाची मान खाली जात नाही. धानाच्या बांधीत शिरणाऱ्या रानडुकरांवर शेतकरी चिडतो, पण ती चीड नुकसानीची आहे, विटाळाची नव्हे. जंगलातून डांबरी रस्त्यावर, रस्त्यावरून बाजारपेठेच्या गावात यावे, तसतसे तेच जनावर घाण होत जाते आणि ते राखणारा माणूसही. डुक्कर कोठेही बदललेले नाही.

आणि आमच्या कॅथलिक घरांचे काय? नाताळच्या टेबलावर सोरपोतेल नसेल तर गोव्याच्या माणसाला सण वाटत नाही. केरळातील ख्रिस्ती घरांत डुकराचे मांस हे मेजवानीचे अन्न आहे. आमच्या धर्मग्रामात कोळसा खाणींच्या निमित्ताने येऊन स्थायिक झालेली अशी कुटुंबे आहेत, मराठी कुटुंबे आहेत, आदिवासी आहेत. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात त्या वेदीसेवकाच्या वडिलांकडे चांगली मागणी असते. खाणे सणाचे, पाळणे लाजेचे. हे ज्या दिवशी आमच्या ध्यानात आले, त्या दिवशी कचरू मानेला हुकूम सोडणारे गाव आम्हांस फारसे दूरचे वाटले नाही.

शेवटच्या दृश्यांकडे वळू या. डुक्कर पकडण्याचा प्रसंग मंजुळे यांनी मुद्दाम लांबविला आहे. गावातील रिकामटेकडे लोक सामना पाहावा तसे बसून पाहतात, शेरे मारतात, मोबाइलवर छायाचित्रे टिपतात. आमच्या सभागृहातही हशा पिकत होता, कारण डुकरामागे धावणाऱ्या माणसांची फजिती खरोखरच हास्यास्पद दिसते. जब्या आडोशाला लपतो. बाप त्याला ओढून काढतो, मारतो. शालू इतरांबरोबर हसते. आणि डुक्कर आता हातात येणार, इतक्यात शाळेतून राष्ट्रगीताचे सूर येतात. जब्या जागच्या जागी उभा राहतो. त्याला पाहून घरची माणसेही उभी राहतात. कचरूसुद्धा, पकडीच्या अवस्थेत. डुक्कर तेवढे त्यांच्या देखत निघून जाते. त्याला राष्ट्र नाही!

त्या वेळी आमच्या सभागृहात जे घडले ते लिहून ठेवण्यासारखे आहे. सूर ऐकताच पुढच्या तीन रांगा उठून उभ्या राहिल्या. मागच्यांना पडदा दिसेना. ‘बसा, बसा’ असा गलका झाला. पुढच्यांनी वळून रागाने पाहिले, पण बसले नाहीत. बावन्न सेकंदांत ते दृश्य संपले. राष्ट्रगीताचा मान राखणाऱ्यांच्या पाठींमुळे राष्ट्रगीताचा मान राखणारे ते कैकाडी कुटुंब आमच्या अर्ध्या प्रेक्षकांस दिसलेच नाही. सर्वोच्च न्यायालयाने ३० नोव्हेंबर २०१६ रोजी चित्रपटगृहांत राष्ट्रगीत वाजविणे सक्तीचे केले होते. पुढे १४ फेब्रुवारी २०१७ रोजी, म्हणजे ‘फँड्री’च्या प्रदर्शनाला बरोबर तीन वर्षे झाली त्या तारखेस, त्याच न्यायालयाने स्पष्ट केले, की राष्ट्रगीत चित्रपटाच्या कथेचाच भाग असेल तर प्रेक्षकांनी उभे राहण्याची आवश्यकता नाही, आणि ९ जानेवारी २०१८ रोजी मूळ सक्तीही सैल करण्यात आली. आमच्या मंडळींना हे ठाऊक नव्हते, आणि ठाऊक असते तरी ती उभी राहिली असती. त्यात त्यांचा दोष आम्ही मानीत नाही. त्यांच्या उभे राहण्यात खोटेपणा नव्हता, जसा जब्याच्याही नव्हता. मंजुळे राष्ट्रगीताची टवाळी करतात असा आक्षेप घेणाऱ्यांनी हे पाहावे, की साऱ्या गावात राष्ट्राला सर्वांत महाग मोल देणारे हेच कुटुंब आहे. ज्या डुकरावर त्यांचे पैसे अवलंबून आहेत, ते त्यांनी सोडून दिले. सूर संपले की गाव पुन्हा हसू लागते आणि त्यांना पुन्हा धावावयाचे असते.

राष्ट्र अशा माणसाला कोणत्या कागदावर कसे लिहिते याचे एक उदाहरण आमच्या दारातच आहे. महाराष्ट्राच्या अनुसूचित जातींच्या यादीत कैकाडी जात आहे, पण विदर्भातील ठरावीक जिल्ह्यांपुरती. त्यात चंद्रपूर जिल्हा येतो, मात्र ‘राजुरा तालुका वगळून’. राजुरा पूर्वी हैदराबाद संस्थानात होता, त्याची ही खूण. म्हणजे बल्लारपूरकडील काठावर जो कैकाडी अनुसूचित जातीचा, तो वर्धा नदीचा पूल ओलांडून पलीकडे स्थायिक असेल, तर विमुक्त जातीचा. हिणवणूक दोन्ही काठांवर सारखीच. आणि त्याने बाप्तिस्मा घेतला तर? १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचे संरक्षण हिंदूंपुरते ठेवले. १९५६ मध्ये शिखांना आणि १९९० मध्ये बौद्धांना ते लागू झाले. ख्रिस्ती दलित अद्याप बाहेर आहे. कारण असे सांगितले जाते, की ख्रिस्ती धर्मात अस्पृश्यता नाही. हे वाक्य आम्ही व्यासपीठावरून अभिमानाने उच्चारतो आणि सवलतींच्या प्रश्नावर त्याच वाक्याशी भांडतो. त्या वेदीसेवकाचे तीन रिकामे रविवार आठवले, की दोन्ही ठिकाणी आमची जीभ अडखळते.

एवढे मोठेपण देऊनही चित्रपटात आम्हांस एक उणीव जाणवते, ती सांगितली पाहिजे. शालू ही मुलगी त्यात जवळजवळ नाही. ती दिसते, लाजते, हसते. तिला काय वाटते हे कोणी विचारीत नाही, दिग्दर्शकही नाही. जब्याची व्यथा ‘मला कोणी पाहत नाही, आणि पाहतात ते डुक्करवाला म्हणून’ अशी आहे. पण तोही तिला एका चित्राप्रमाणेच पाहतो, आणि ज्या चित्रपटाचा सारा रोख पाहणाऱ्या डोळ्यांवर आहे, त्याने येथे स्वतःच्या डोळ्यांची झडती घेतलेली नाही. राखेची इच्छा तरी काय आहे? तिला न विचारता तिचे मन मिळविण्याची युक्ती. जब्याची आई नानी, सासरहून परत आलेली बहीण, लग्न ठरत असलेली बहीण, यांच्या चेहऱ्यांवर पुष्कळ काही आहे. छाया कदम यांनी तर फार थोड्या वाक्यांत आई उभी केली आहे. पण कथा त्यांच्याजवळ थांबत नाही. २०१६ च्या ‘सैराट’मध्ये मंजुळे यांनी आर्चीला बोलके केले, ते जणू या उणिवेचे उत्तर असावे. काळ्या चिमणीचा पूर्वार्धही थोडा लांबला आहे. आमच्या सभागृहात त्या वेळी लहान मुलांची चुळबुळ सुरू झाली होती आणि ती अगदीच अनाठायी नव्हती. कचरूची भूमिका करणारे किशोर कदम, जे ‘सौमित्र’ या नावाने कवी म्हणून परिचित आहेत, यांच्याविषयी मात्र तक्रारीस जागा नाही. त्यांचा कचरू मुलाला मारतो तेव्हाही आपणांस राग त्याचा येत नाही. त्याच्या हाताला मागून कोण ढकलीत आहे ते दिसत असते.

आणि तो दगड. चिडविणारी मुले मागे लागतात, ‘फँड्री’ म्हणून हाका मारतात. जब्या उलटून दगड मारू लागतो; शेवटचा दगड सरळ कॅमेऱ्याकडे, म्हणजे आमच्याकडे, येतो आणि पडदा काळा होतो. सभागृहात कोणी दिवे लावले नाहीत. ज्याच्यावर ते काम होते तो तरुण बसूनच राहिला.

मार्काच्या शुभवर्तमानात गरसा प्रदेशातील भूतग्रस्ताची हकिकत आहे. त्यात डुकरे आहेत, सुमारे दोन हजार, आणि दगडही आहेत. तो माणूस थडग्यांत राहतो आणि दगडांनी स्वतःचेच अंग ठेचून घेतो. जिरार यांनी आपल्या १९८२ च्या ग्रंथात या हकिकतीवर एक प्रकरण लिहिले आहे. गावाने मारावयाचे दगड तो आधीच स्वतःला मारून घेतो, असे त्यांचे विवेचन. गावाला हात उचलावाच लागत नाही. म्हणूनच तो बरा झालेला पाहून गावकरी आनंदी होत नाहीत, घाबरतात, आणि प्रभूला आपल्या सीमेतून निघून जाण्याची विनंती करतात. जब्याचे लपणे, लाजणे, बापाचा तिरस्कार करणे, ही सारी त्याने स्वतःला मारलेली दगडेच होती. शेवटी त्याने दिशा बदलली. येशूने दगड मारणाऱ्यांना एकदा थांबविले होते, हे आम्ही विसरत नाही आणि हिंसेची भलामण करीत नाही. पण थांबविताना त्याने दगड घेतलेल्या हातांना विचारले होते, ज्याच्यावर दगड येत होता त्या स्त्रीला नव्हे. आणखी एक गोष्ट. त्या गरसा प्रदेशात डुकरे राखणारेही होते. कळप समुद्रात बुडाला, ते धावत गावात गेले, एवढाच त्यांचा उल्लेख. आम्ही या उताऱ्यावर कित्येक प्रवचने दिली. त्या राखणाऱ्यांची संध्याकाळची चूल पेटली की नाही, हे आमच्या मनात आले नव्हते.

त्यानंतर उधळ्या पुत्राचा दाखला उपासनेत पुन्हा वाचनात आला, तेव्हा आम्ही ते जमलेले वाक्य गाळले. डुकरांविषयी एवढेच बोललो, की त्या मुलाला त्यांच्यापुढील शेंगाही कोणी देईना, म्हणजे ज्याने त्याला कामाला ठेवले होते त्याच्या लेखी तो जनावरापेक्षा स्वस्त होता. लाज असेल तर ती मालकाची. वेदीसेवक परत आला होता आणि घंटा वेळेवर वाजली. मिस्सा संपल्यावर त्याचे वडील दाराशी थांबले. आम्हांस वाटले, ते प्रवचनाविषयी काही बोलतील. ते म्हणाले, “आमच्याकडं डुकराले शेंगा नाही देत जी फादर, कोंडा देतो.” आणि सायकलवर टांग टाकून निघून गेले.